ऋण, जमीन आणि गिरणी : 'सावकारी पाश'चे बाळापुरातून वाचन

बाबूराव पेंटर यांच्या 'सावकारी पाश' (१९२५) या मूकपटाचा उल्लेख चित्रपटविषयक लेखनात वास्तववादाचा आरंभ म्हणून होत आला आहे. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या या चित्रपटाची कथा नारायण हरी आपटे यांची; शेतकऱ्याच्या भूमिकेत व्ही. शांताराम होते. सावकार जमीन गिळतो आणि शेतकरी शहरात जाऊन गिरणीकामगार होतो, हे त्याचे कथासूत्र. त्यातील वास्तव पौराणिक पटांपासूनच्या वेगळेपणात शोधले जाते. माझ्या मते ते स्थलांतराच्या कारणमीमांसेत आहे.

मुराता मिनोरू यांच्या 'रोजो नो रेइकोन' (१९२१) या जपानी मूकपटाशी तुलना केल्यास हे स्पष्ट होते. तेथे गाव सोडून गेलेला मुलगा हताश होऊन बायकामुलीसह परततो आणि बाप त्याला थारा देत नाही. पेच कुटुंबातला, नैतिक आहे. 'सावकारी पाशा'त मात्र गाव सोडणे ही निवडच नाही. ती ऋणसंबंधाची परिणती आहे. १८७५ मध्ये पुणे व नगर जिल्ह्यांतील शेतकऱ्यांनी सावकारांची खतपत्रे जाळली, ती याच संबंधाची जाणीव ठेवून. त्यानंतरचा १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा प्रथम चार जिल्ह्यांपुरता होता. वऱ्हाड तर मुंबई इलाख्यातच नव्हते.

बाळापुरातून पाहता या सूत्राला आणखी एक दुवा जोडावा लागतो. मन आणि म्हैस नद्यांच्या संगमावरील हे मोगलकालीन ठाणे. १८६० च्या दशकात लोहमार्ग वऱ्हाडात आला, पण बाळापूरला टाळून. जवळचे स्थानक पारस. कापसाचा व्यापार अकोला-खामगावकडे एकवटला आणि वऱ्हाडी कापूस मुंबईच्या दिशेने जाऊ लागला. ज्या गिरणीत भूमिहीन शेतकरी उभा राहतो, तिचा कच्चा माल अशाच शिवारांतून येतो. म्हणजे शेतकऱ्याच्या आधी त्याचे पीक गाव सोडते. गाव आणि शहर ही दोन विश्वे नसून एकाच व्यवहाराची दोन टोके ठरतात.

आज या मूकपटाची प्रत उपलब्ध नाही. १९३६ च्या बोलपटावरून त्याची शैली ठरविणे धोक्याचे, कारण ध्वनी आला की मौनाचे व्याकरणच बदलते. म्हणून दृश्यसौंदर्याविषयीचे निर्णय आपण आवरते घेतले पाहिजेत. ऋण, जमीन, गिरणी हा क्रम मात्र हाती उरतो, आणि समीक्षेने प्रथम त्याचेच वाचन करावे.