छायाचित्र त्यांचे, नजर कोणाची?

साधनांची मक्तेदारी प्रस्थापितांकडे असेल, तर शोषितांनी आपला इतिहास पडद्यावर मांडायचा कसा? या प्रश्नाला क्यूबाच्या सांतियागो आल्वारेस (१९१९-१९९८) या दिग्दर्शकाने १९६५ साली एक उत्तर दिले. ते उत्तर आणि त्यामागची विसंगती, दोन्ही आपण तपासली पाहिजेत.

आल्वारेस तरुणपणी अमेरिकेत गेला. तेथे त्याने हॉटेलात भांडी घासली, पेनसिल्व्हेनियाच्या कोळसाखाणीत काम केले. वर्णद्वेष त्याने डोळ्यांनी पाहिला होता. १९५९ च्या क्रांतीनंतर हवानात सरकारी चित्रपट संस्था निघाली आणि चाळिशीत तो वृत्तपट करू लागला.

अमेरिकेने क्यूबाची आर्थिक नाकेबंदी केलेली. तेथे जाऊन चित्रण करणे अशक्य. तेव्हा त्याने अमेरिकी नियतकालिकांत छापलेली छायाचित्रे आणि वृत्तपटांचे तुकडे घेतले. काळ्यांवर सोडलेली कुत्री, पोलिसांचे दंडुके. छायाचित्र टेबलावर ठेवायचे, वर कॅमेरा लावायचा आणि एकेक चौकट टिपत पुढे सरकायचे. कधी कुत्र्याचे दात, कधी मार खाणाऱ्याचे डोळे. लीना हॉर्न या काळ्या गायिकेच्या गाण्याच्या ठेक्यावर त्याने हे तुकडे कापून जोडले. शेवटी बंदुकीच्या गोळ्यांनी पडद्यावर शब्द कोरला जातो, 'नाऊ', म्हणजे 'आत्ता'! तेच या जेमतेम सहा मिनिटांच्या चित्रपटाचे नाव.

हीच छायाचित्रे अमेरिकेने पाहिली होती आणि पान उलटले होते. आल्वारेसने त्यांतली दया काढून टाकली आणि आरोप ठेवला. माझ्या मते त्याच्या तंत्राचा खरा अर्थ हा आहे.

मी इतिहास शिकवतो. माझ्या घरातला मी पहिला पदवीधर. आजोबा-पणजोबांचे एकही छायाचित्र आमच्या घरात नाही. ब्रिटिशांनी मात्र १८६८ ते १८७५ या काळात 'द पीपल ऑफ इंडिया'चे आठ खंड काढून या देशातल्या माणसांना जातीजमातींचे नमुने म्हणून मांडले. ती चित्रे त्यांची असली, तरी ती वाचण्याची नजर आपली असू शकते.

आता विसंगती. त्याच संस्थेत निकोलास गियेन लांद्रियान (१९३८-२००३) हा काळा दिग्दर्शक होता. त्यानेही १९६८ साली 'कोफेआ आराबिगा'मध्ये छायाचित्रे, अक्षरे आणि गाणी अशीच कापून जोडली. पण उपरोधाचा रोख आपल्याच सरकारच्या कॉफी-लागवडीच्या मोहिमेकडे वळवला. पुढे त्याला संस्थेतून काढले गेले. तुरुंग आणि मनोरुग्णालय त्याच्या वाट्याला आले. अखेर तो परागंदा झाला आणि मायामीत वारला.

परक्या देशातल्या काळ्यांचे दुःख पडद्यावर गाजले आणि घरातल्या काळ्या कलावंताचे तोंड बंद झाले. अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरपासून प्रेरणा घेऊन १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली. तो वारसा सांगणाऱ्या आपण आल्वारेसची कात्री जरूर उचलावी. पण आपल्या संस्थांत, आपल्या चळवळीत एखादा लांद्रियान उभा राहिला, तर त्याला आपण बोलू देणार आहोत का?