प्रायोगिक लघुपट

प्रायोगिक लघुपट : कथाकथन वा वृत्तनिवेदन हे ज्याचे मुख्य प्रयोजन नसून फीत, प्रकाश, काळ आणि पडदा या चित्रपटाच्या मूलद्रव्यांचीच परीक्षा करणे हे ज्याचे साध्य असते, असा अल्प कालावधीचा चित्रपट.

पडद्यावर दिसणारी गती फितीवर कोठेही नसते. फितीवर असतात ती निश्चल चित्रे. सेकंदाला 24 या दराने ती प्रक्षेपकात एकेक क्षणभर थांबतात, आणि एक सरकून दुसरे स्थिर होईपर्यंत झडप प्रकाश अडवून धरते, त्यामुळे प्रेक्षक ज्याला अखंड दृश्य मानतो त्याचा बराच भाग वस्तुतः काळोखात गेलेला असतो. गती जुळवते ती पाहणाऱ्याची दृष्टी. नेहमीच्या चित्रपटात कथेच्या आड राहणारा हा व्यवहार उघडा करण्यासाठी प्रायोगिक लघुपटकार त्यातील एखादा घटक हेतुतः वगळतो.

अमेरिकन स्टॅन ब्राकेज याने ‘मॉथलाइट’मध्ये (1963) कॅमेराच वर्ज्य केला, पतंगांचे पंख, पाकळ्या व गवताची पाती पारदर्शक चिकटपट्ट्यांमध्ये दाबून त्याने फीत सिद्ध केली. फ्रेंच दिग्दर्शक क्रिस मार्कर याच्या ‘ला जते’त (1962) गती वर्ज्य आहे : सुमारे 28 मिनिटांचा हा पट स्थिर छायाचित्रांचा असून, निद्रिस्त स्त्री डोळे उघडते तेवढ्या एकाच दृश्यात चित्र हलते. ऑस्ट्रियाच्या पीटर कुबेल्का याने ‘आर्नुल्फ रायनर’मध्ये (1960) चित्रालाच रजा दिली, निव्वळ काळ्या व कोऱ्या अशा 9,216 चौकटी, शांतता आणि सलग खरखर एवढ्याच सामग्रीवर साडेसहा मिनिटांच्या आतबाहेरचा हा पट उभा आहे.

भारतात अशा प्रयोगांना आश्रय मिळाला तो अनपेक्षित ठिकाणी, म्हणजे 1948 साली मुंबईत स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजन या सरकारी खात्यात. तेथील प्रमोद पती यांनी ‘आबिद’मध्ये (1972) चित्रकार आबिद सुरती यांचे एकेक चौकट थांबवून चित्रण केले आणि जिवंत मनुष्याला बाहुलीची चाल दिली. तत्पूर्वी दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या (1913) भांडवलासाठी, कुंडीतील रोपाची वाढ अशीच टप्प्याटप्प्याने टिपून लहानशी फीत केली होती. तिचा हेतू कर्ज मिळवण्याचा असला, तरी डोळ्यांस अगोचर असलेली गती पडद्यावर निर्माण करता येते, हा प्रायोगिक लघुपटाचा मूलसिद्धान्त तिने येथे प्रत्यक्षात दाखवून दिला.