परसबागेत कॅटनिप आणि कॅटमिंट: पावसाळा संपल्यावरच लावा

मांजर पाळणाऱ्यांकडून कॅटनिपच्या बियाण्याची आता बरीच विचारणा होते. ही वनस्पती तुळस आणि पुदिन्याच्याच कुळातली. खोड चौकोनी, पाने राखट हिरवी, लवदार आणि कातरलेल्या कडांची; फुले पांढरी, त्यांवर जांभळे ठिपके. मूळ वस्ती युरोप व आशियाच्या थंड प्रदेशांत. हिमालयाच्या थंड भागातही ती आढळते. थंडी तिला मानवते, हलका उन्हाळाही ती काढते; पण मुळाशी साचलेले पाणी तिला अजिबात चालत नाही. म्हणून इतर रोपांसारखी मृगाच्या पावसावर हिची लागवड करू नये.

कॅटनिप की कॅटमिंट?

दोन्ही नेपेटा प्रजातीतल्याच, पण काम वेगळे. मांजरासाठी हवी असेल तर कॅटनिप, म्हणजे नेपेटा कॅटारिया, घ्या. ती दोन-तीन फूट उंच वाढते आणि बियांपासून सहज येते. बागेत शोभेसाठी लावतात ती कॅटमिंट, बहुधा नेपेटा फासेनी हा संकर. तिला निळसर जांभळी फुले भरपूर येतात, मधमाश्याही येतात. मांजरे मात्र तिच्याकडे कमी ओढली जातात. या संकराला रुजणारे बी धरत नाही, त्यामुळे रोप किंवा छाट कलमच घ्यावे लागते.

नर्सरीत ‘कॅट ग्रास’ म्हणून मिळते ते गव्हाचे किंवा ओटचे कोवळे गवत असते. आपल्याकडे रानात उगवणाऱ्या गोपाळीलाही इंग्रजीत भारतीय कॅटमिंट म्हणतात, पण तिची प्रजाती वेगळी. मांजराला ओढणारे देशी झाड पाहायचे असेल तर कुंपणाकडेला तण म्हणून उगवणारी खोकली उपटून बघा. तिच्या मुळांवर मांजरे अक्षरशः लोळतात.

पेरणी आणि कुंडी

ऑक्टोबरच्या मध्यापासून नोव्हेंबरअखेरपर्यंत पेरणी करावी. बी रात्रभर पाण्यात भिजवून, कोकोपीट व गांडूळखताच्या मिश्रणात जेमतेम झाकले जाईल इतकेच खोल टाकावे. दहा-पंधरा दिवसांत उगवण होते. चार ते सहा पाने आली की रोप दहा-बारा इंची कुंडीत हलवावे. दोन भाग माती, एक भाग चांगले कुजलेले शेणखत आणि एक भाग जाडी वाळू हे मिश्रण पुरते. नुसती काळी माती वापरू नका. कुंडीच्या तळाचे छिद्र मोकळे असल्याची खात्री करून घ्या.

हिवाळ्यात पाच-सहा तास ऊन हवे. मार्चनंतर सकाळचे ऊन आणि दुपारी सावली. बोट खुपसून वरची इंचभर माती कोरडी लागली तरच पाणी द्यावे. खत बेतानेच द्या. नत्र जास्त झाले तर झाड लांबट, लुसलुशीत वाढते आणि वास फिका पडतो. रोप वीतभर झाले की शेंडा खुडावा, म्हणजे बाजूने फुटवे येतात.

मांजरापासून रोप, आणि बागेपासून मांजर

पान चुरगळले की त्यातले नेपेटॅलॅक्टोन हे तेलकट द्रव्य बाहेर पडते आणि मांजर येते. रोप हलवताना पाने दुखावतात, म्हणून पुनर्लागवडीनंतरचे पहिले काही आठवडे धोक्याचे. मांजर रोपावर आडवे पडले की सगळे संपले. कुंडीवर जाळीची टोपली उपडी घालावी किंवा कुंडी उंच टांगावी.

सगळ्याच मांजरांना याचे वेड नसते. हा गुण आनुवंशिक आहे. साधारण तीनातले एक मांजर ढुंकूनही बघत नाही, आणि लहान पिल्लांवरही परिणाम होत नाही. झाला तर तो पाच-पंधरा मिनिटे टिकतो. चार-दोन पाने पुरेत. फार खाल्ली तर उलटी किंवा जुलाब होतात.

खरी काळजी इथे घ्यायची आहे. ही कुंडी ठेवली म्हणजे तुम्ही मांजराला बागेत बोलावलेच. शेजारी खरी लिली असेल तर ती आधी हलवा. तिचे परागकण अंगावर पडून चाटण्यात आले तरी मांजराची मूत्रपिंडे निकामी होऊ शकतात. सायकसही तितकेच घातक. मावा किंवा पांढरी माशी दिसली तर पाण्याच्या फवाऱ्याने धुऊन काढा. या झाडावर कीटकनाशक मारू नका. परमेथ्रिन तर मांजरासाठी विषच आहे.

डासांबद्दलही नेहमी विचारले जाते. नेपेटॅलॅक्टोन डासांना पळवते हे प्रयोगशाळेत दिसले आहे, पण ते काढलेल्या तेलाबाबत. खिडकीत कुंडी ठेवून डास कमी होतील अशी अपेक्षा ठेवू नका.

काढणी आणि पावसाळ्याची तयारी

फुले उमलू लागली की वास सर्वांत तीव्र असतो. सकाळी दव सुकल्यावर फांद्या कापून, जुडी बांधून, सावलीत हवेशीर जागी उलट्या टांगाव्यात. पाने कुरकुरीत झाली की घट्ट झाकणाच्या बरणीत भरावीत. काही तुरे बियांसाठी झाडावरच राखा.

फेब्रुवारीत तीन-चार इंचांची छाट कलमे लावून ठेवली तर जोडीचे रोप हाताशी राहते. मेअखेर झाड चार बोटे उंची ठेवून छाटावे आणि कुंडी पागोळीबाहेर, पण उजेड व वारा मिळेल अशा जागी हलवावी. पुणे-नाशिककडे अशी झाडे बऱ्याचदा पावसाळा काढतात. कोकण, मुंबई आणि गोव्याच्या दमट हवेत मात्र हे हंगामी पीक समजून दर ऑक्टोबरात नव्याने पेरणेच सोयीचे.