गहाणलहाण आणि न्यायालये

गेल्या वर्षी आमच्या शाळेतील एका शिक्षकांच्या घरावर कर्जापोटी लिलावाची नोटीस लागली. त्यांनी मला एकच प्रश्न विचारला : "सर, पैसे भरून घर सोडवून घेण्याचा हक्क मला कोणत्या दिवसापर्यंत आहे?" कायद्याचा पदवीधर मी नव्हे, परंतु इतिहासाचा विद्यार्थी म्हणून या प्रश्नाचा माग काढीत गेलो, तेव्हा दीडशे वर्षांहून अधिक काळ आपली न्यायालये याच प्रश्नाशी झगडत आली आहेत, असे दिसून आले.

जुन्या मराठी दस्तऐवजांत 'गहाणलहाण' हा शब्द वारंवार भेटतो. मुदतीत रक्कम न फेडल्यास गहाण जमीन सावकाराची खरेदी समजावी, अशी ही अट. लिलाव नाही, दवंडी नाही. मुदत टळली की ऋणकोची मालकी आपोआप संपली. जमिनीची किंमत कर्जाच्या चौपट असली तरी फरकाचा रुपया परत मिळत नसे. आमच्या घरच्या जुन्या पेटीत असा एक कागद आहे. त्यावर पणजोबांची सही नाही, नांगराची निशाणी आहे. ती पाहिली म्हणजे वाचता न येणाऱ्या माणसाने काय कबूल केले असेल, याचा विचार मनातून जात नाही.

मुंबईचे उच्च न्यायालय १८६२ साली स्थापन झाले आणि दोनच वर्षांत 'रामजी विरुद्ध चिंतो' या दाव्यात त्याने या अटीवर घाव घातला. व्यवहार मुळात तारणाचा असेल, तर मुदत उलटल्यानंतरही रक्कम भरून जमीन सोडविण्याचा हक्क ऋणकोला राहतो, असे न्यायालयाने ठरविले. हे तत्त्व इंग्लंडातील समन्यायाचे. येथील जुन्या व्यवहाराला ते परके होते, हे नाकारण्यात अर्थ नाही; तथापि परके म्हणून ते अन्यायाचे ठरत नाही.

पुढे मोठाच पेच पडला. १८७० साली मद्रासकडील पट्टाभिरामय्यर यांच्या अपिलात लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने उलट मत दिले : पक्षांनी जो करार केला तोच खरा, न्यायालयांनी त्यात विलायती तत्त्वे घुसडू नयेत. वरिष्ठ न्यायासनाचा हा निर्णय आल्यावर मुंबईने माघार घ्यावयास हवी होती. परंतु १८७२ मध्ये सरन्यायाधीश वेस्ट्रॉप यांनी 'शंकरभाई विरुद्ध कासीभाई' या दाव्यात रामजीचाच निर्णय कायम ठेवला. त्यावर विसंबून या इलाख्यातील लोकांनी व्यवहार केले होते, तो आता उखडता येणार नाही, ही त्यांची भूमिका. मला हा प्रसंग या साऱ्या इतिहासात सर्वांत धीराचा वाटतो.

न्यायालयाच्या पायरीपर्यंत पोहोचणारे शेतकरी मात्र थोडेच. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे दंगा उसळला, तो पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरला, आणि लोकांनी सावकारांच्या वह्या व खते जाळली. त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्यक कायदा निघाला. खतातील आकड्यावर न थांबता व्यवहाराचा मूळ हिशेब तपासण्याचा अधिकार न्यायाधीशास मिळाला, आणि स्पष्टपणे गहाण न ठेवलेली शेतकऱ्याची जमीन डिक्रीपोटी विकण्यास आळा बसला.

सावकारही स्वस्थ बसणारे नव्हते. गहाणखत न करता सरळ खरेदीखत लिहून घ्यावयाचे, आणि 'पैसे दिलेस की जमीन परत' असे तोंडी आश्वासन द्यावयाचे, ही त्यांची नवी वाट. १८८० साली मुंबई उच्च न्यायालयाने पक्षांच्या वागणुकीवरून व्यवहाराचे खरे स्वरूप दाखविण्यास मुभा दिली. १८९९ साली प्रिव्ही कौन्सिलने अशा तोंडी पुराव्याचे दार बंद केले.

सोडवणुकीचा हक्क १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने लेखी झाला. मुंबई इलाख्यास तो १८९३ पासून लागू झाला. न्यायालयात न जाता धनकोने स्वतःच विक्री करावी, ही सवलत त्या कायद्याने फार थोड्या प्रकारांत ठेवली. मुंबई शहरातील मालमत्ता हा त्यांपैकी एक. तेथूनच नवा वाद निघाला : लिलावात बोली मंजूर झाली, की ऋणकोचा हक्क संपला काय? 'नरनदास करसनदास' या दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने नाही असे उत्तर दिले. विक्रीचा करार ही विक्री नव्हे. खरेदीपत्र पुरे होईपर्यंत सोडवणुकीचा हक्क जिवंत असतो.

२००२ च्या कायद्याने बँकांना न्यायालयाबाहेर विक्रीचा व्यापक अधिकार दिला. अपील करावयाचे तर मागणीच्या पंचाहत्तर टक्के रक्कम आधी भरावी, ही त्यातील अट २००४ मध्ये मार्डिया केमिकल्सच्या दाव्यात रद्द झाली. पण २०१६ ची दुरुस्ती आणि त्यावरील २०२३ चा बाफना मोटर्स प्रकरणातील सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय यांनी रेषा पुष्कळच अलीकडे ओढली : लिलावाची जाहीर सूचना प्रसिद्ध होताच त्या कायद्याखाली सोडवणुकीचा हक्क संपतो. लिलावात घेणाऱ्याचीही फसगत होऊ नये, हा विचार त्यामागे आहे, आणि तो अगदीच टाकाऊ नाही.

हे सारे वाचून मी त्या शिक्षकांकडे गेलो आणि प्रथम नोटिशीवरील तारीख पाहिली. जाहीर सूचना निघावयास अद्याप अकरा दिवस होते. पतपेढीचे कर्ज आणि पत्नीच्या पाटल्या मिळून रक्कम दहाव्या दिवशी भरली गेली.