नावेलीचे गोम्स आणि परक्या भाषेतली कादंबरी

मराठीतली पहिली कादंबरी कोणती, हा प्रश्न मी नोकरीत असताना दरवर्षी वर्गात विचारायचो. उत्तर ठरलेलं. बाबा पदमनजींची 'यमुनापर्यटन', १८५७. मग हळब्यांची 'मुक्तामाला' (१८६१), गुंजीकरांचं 'मोचनगड' (१८७१) अशी गाडी पुढं जायची. या दोन्हींच्या मधे, १८६६ साली, आपल्या शेजारच्या गोव्यातल्या एका माणसानं लिस्बनला बसून कादंबरी छापली, हे मात्र आमच्या बी.ए.च्या पुस्तकांत कुठं नव्हतं. त्यात पुस्तकांचा तसा दोष नाही, कारण ती कादंबरी मराठीत नव्हती आणि कोंकणीतही नव्हती. ती होती पोर्तुगीजमध्ये. लेखकाचं नाव डॉ. फ्रान्सिस्को लुईस गोम्स आणि कादंबरीचं नाव 'ऊश ब्राह्मनिश', म्हणजे 'ब्राह्मण'.

मंडळी, या माणसाविषयी बरेच दिवस लिहायचं मनात होतं.

गोम्स यांचा जन्म ३१ मे १८२९ चा, मडगावजवळच्या नावेली गावचा. म्हणजे जोतीराव फुल्यांपेक्षा दोन वर्षांनी लहान आणि बाबा पदमनजींपेक्षा दोन वर्षांनी मोठे. पणजीच्या वैद्यकीय शाळेत शिकून ते डॉक्टर झाले, सैन्यातही वैद्य होते. पण डॉक्टरकीत मन रमलं असं दिसत नाही. वाचन अफाट आणि ओढा अर्थशास्त्राकडं, राजकारणाकडं. १८६० साली ते गोव्यातून पोर्तुगालच्या संसदेवर निवडून गेले.

इथं जरा थांबलं पाहिजे. आपल्याकडं १८५७ चा उठाव चिरडून व्हिक्टोरिया राणीचा जाहीरनामा वाचला जात होता. लंडनच्या पार्लमेंटात हिंदी माणूस बसायला दादाभाई नौरोजींपर्यंत, म्हणजे १८९२ पर्यंत वाट बघावी लागली. गोव्यातून मात्र १८२२ पासूनच लिस्बनला प्रतिनिधी निवडून जात होते. बेर्नार्दु पेरिश द सिल्व्हा हे त्यांतले पहिल्या फळीतले. १८३५ साली त्यांना गोव्याचा कारभारही सोपवला होता आणि गोऱ्यांनी तो काही दिवसांतच उलथून टाकला. म्हणजे खुर्ची होती, पण खुर्चीखाली जमीन किती पक्की होती ते यावरून कळावं. गोम्स लिस्बनला पोहोचले तेव्हा वसाहतींचं हे प्रतिनिधित्वच काढून घ्यावं असा विचार चालला होता. सुरुवातीलाच ते उभे राहिले ते त्याच्या विरोधात बोलायला.

आता फ्रेंचची गोष्ट. जानेवारी १८६१ मध्ये, लिस्बनला नुकतेच आलेले असताना, या एकतीस वर्षांच्या डॉक्टरनं फ्रान्सचे मोठे कवी लामार्तिन यांना पत्र लिहिलं. लामार्तिन नुसते कवी नव्हते, १८४८ च्या क्रांतीनंतरच्या फ्रान्सच्या सरकारातले पुढारी होते, आणि भारतीय साहित्यावर त्यांनी आदरानं लिहिलं होतं. पत्राचा आशय असा : ज्या लोकांनी महाभारत रचलं, बुद्धिबळाचा खेळ शोधला, त्यांच्यातला मी, त्या हिंदुस्थानासाठी मी स्वातंत्र्य मागतो, प्रकाश मागतो. साल बघा. काँग्रेस स्थापन व्हायला अजून चोवीस वर्षं होती. टिळक तेव्हा चार वर्षांचे होते.

त्याच पत्रात पुढं ते म्हणतात की मी स्वतः माझ्या देशबांधवांपेक्षा नशीबवान, मी स्वतंत्र आहे, नागरिक आहे. या एका वाक्याकडं मी पुन्हा येणार आहे.

त्यानंतर आठ वर्षांत त्यांनी जे लिहिलं त्यातलं बरंचसं फ्रेंचमध्येच. १८६१ मध्ये इंग्लंडची कापसाची गरज आणि पश्चिम आफ्रिकेतल्या पोर्तुगीज वसाहती यांवर एक पुस्तिका. (आम्हा जालना जिल्ह्यातल्या लोकांना कापूस म्हटलं की कान टवकारायची सवयच आहे! त्याच वर्षी अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, लँकेशायरच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेना आणि मुंबईत कापसाला सोन्याचा भाव आला. १८६५ ला युद्ध संपलं आणि मुंबईचे कितीतरी शेटजी रस्त्यावर आले.) पुढं १८६७ मध्ये अर्थशास्त्राचा नीतीशी आणि कायद्याशी संबंध काय यावर ग्रंथ. १८६९ मध्ये पोर्तुगालच्या मार्किश द पोंबालचं चरित्र. विषय पोर्तुगालचा मुत्सद्दी, भाषा मात्र फ्रेंच! कारण उघड आहे. युरोपातल्या पंडितांनी वाचावं असं वाटत असेल तर तेव्हा फ्रेंचमध्येच लिहावं लागे. गोव्याच्या शेतजमिनीवरचं १८६२ चं पुस्तक मात्र पोर्तुगीजमध्ये आहे. जमिनीचा कायदा ज्यांच्या हातात त्यांना ते वाचायला हवं होतं.

कादंबरीही पोर्तुगीजमध्ये. ती घडते फैजाबादला, १८५७ च्या उठावाच्या काळात. एक आयरिश मळेवाला, रॉबर्ट डेव्हिस. त्याच्याकडं नोकरीला असलेला ब्राह्मण, मॅग्नोद. एकाला कातडीचा गर्व, दुसऱ्याला जातीचा. गोम्स यांचं म्हणणं असं की हिंदुस्थानात दोन प्रकारचे ब्राह्मण आहेत, एक जन्मानं आणि दुसरे रंगानं, आणि दोघांचा रोग एकच. हा विचार १८६६ सालचा आहे, हे मी स्वतःला दोनतीनदा बजावलं. तीनच वर्षांनी, १८६९ मध्ये, जोतीरावांचं 'ब्राह्मणांचे कसब' आलं. दोघांचे मार्ग अगदी वेगळे. जोतीराव गावच्या माणसाला, त्याच्या बोलीत सांगत होते. गोम्स हजारो मैलांवरून युरोपच्या वाचकाला समजावत होते. कादंबरी म्हणून 'ब्राह्मण' फार रंगते असं काही मी म्हणणार नाही. मधे मधे लेखक पात्रांना बाजूला सारून स्वतःच व्याख्यान देतो. पण बाबा पदमनजी तरी दुसरं काय करतात? त्या काळी कादंबरी म्हणजे थोडं प्रवचन असायचंच.

(आमच्या अंतरवाली सराटीचं नाव २०२३ च्या उपोषणापासून साऱ्या महाराष्ट्राला माहीत झालंय. जातीवर लिहायला लागलो की लोक वेगळाच अर्थ काढतात. असो. आज तो विषय नाही.)

मला खटकतं ते दुसरंच. गोम्स ऐन पंचविशीत असताना त्यांच्या स्वतःच्या गोव्यात, सत्तरीत, दीपाजी राण्यांचं बंड झालं होतं. १८५२ ते १८५५. बंडावर कादंबरी लिहायची होती तर सत्तरी होतीच. तरी त्यांनी गाठलं ते फैजाबाद. इंग्रजांच्या राज्यावर ते कडाडून तुटून पडतात, पण पोर्तुगिजांच्या बाबतीत हात आखडता. याचं कारण मला त्या पत्रातल्या वाक्यात दिसतं. मी स्वतंत्र आहे, नागरिक आहे. त्यांची तशी खरोखर समजूत होती. संसदेत बसायला मिळत होतं, बोलायला मिळत होतं. ज्या सरकारनं १६८४ च्या हुकुमानं गोव्यातल्या लोकांना तीन वर्षांत आपली बोली सोडायला सांगितली होती, त्याच सरकारच्या भाषेत ते स्वातंत्र्य मागत होते. याला ढोंग म्हणायला माझं मन होत नाही. ज्या भाषेत माणूस विचार करायला शिकतो, तिच्या मालकांवर रागावणं सोपं नसतं.

हे मी पुस्तकातून नाही सांगत. माझे वडील निजामाच्या राज्यात उर्दू माध्यमात शिकले. घरात मराठी, पेरणी-कापणीची भाषा मराठी, भजन मराठी, पण लिहायचं झालं की त्यांचा हात उजवीकडून डावीकडे जायचा. रझाकारांचा जाच त्यांनी भोगला होता, १७ सप्टेंबरला झेंड्याला जायचे, आणि तरीही स्वतःच्या मनातलं काही टिपायचं असेल तर उर्दूतच टिपायचे. त्यांच्या चार वह्या ट्रंकेत आहेत. मला उर्दू येत नाही. माझी नात इंग्रजी शाळेत शिकली, गोष्टी छान लिहिते, इंग्रजीत लिहिते. तिला हे पान कुणीतरी वाचून दाखवावं लागतं. चार पिढ्यांत एकाच घरात तीन लिप्या झाल्या. सूनबाई म्हणतात, लिहिते ना, मग कोणत्या भाषेत हे कशाला बघायचं? त्यांचं बरोबर असेल. पण वह्या समोर ठेवून बसलो की मला ते पटत नाही.

गोम्स यांच्या कादंबरीचंही तेच झालं. १९ डिसेंबर १९६१ ला गोवा मुक्त झाला, पोर्तुगीज शाळा गेल्या आणि एका पिढीत ती वाचणारी माणसं कमी होत गेली. कलकत्त्याच्या तोरू दत्तनं तर फ्रेंचमध्येच कादंबरी लिहिली होती. ती वयाच्या एकविसाव्या वर्षी, १८७७ मध्ये गेली आणि पुस्तक पॅरिसला निघालं १८७९ मध्ये. तिच्या इंग्रजी कवितांमुळं निदान नाव तरी राहिलं.

१८६९ साली गोम्स क्षयानं खंगले होते आणि गावी परत यायला निघाले. सुएझचा कालवा खुला व्हायला (१७ नोव्हेंबर १८६९) अजून काही आठवडे होते. ३० सप्टेंबरला बोटीवरच त्यांचा प्राण गेला. वय चाळीस. देह समुद्राला दिला.

पणजीला कांपालची बाग त्यांच्या नावानं आहे आणि नावेलीला दक्षिण गोव्याच्या जिल्हा ग्रंथालयालाही त्यांचं नाव आहे. आपल्यापैकी कुणी दिवाळीच्या सुट्टीत गोव्याला निघणार असेल तर समुद्र बघून झाल्यावर अर्धा दिवस नावेलीला काढावा. मडगावहून अगदी जवळ आहे. आणि जालन्यात किंवा संभाजीनगरात जुनं, घसटीतलं उर्दू हस्ताक्षर लागणारं कुणी माहितीत असेल, तर मला जरूर कळवा. वह्या घेऊन मी येईन.