४३ वर्षे गायब असलेले कलम : अटकपूर्व जामिनाचा इतिहास

१/ आंदोलनानंतर नोंदल्या जाणाऱ्या गुन्ह्यात बहुधा चार-सहा नावे असतात आणि पुढे शब्द असतात, ‘इतर २०० ते ३०० अनोळखी इसम’. या शब्दांत पुढे कोणाचेही नाव बसू शकते. अशा माणसाचा आधार म्हणजे अटकपूर्व जामीन. हा आधार कसा मिळाला, कुठे काढून घेतला गेला, याचा हा धागा.

२/ १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत अटकेआधी जामिनाची तरतूदच नव्हती. आधी अटक, मग जामीन, असा क्रम होता. न्यायालयाच्या अंगभूत अधिकारात असा आदेश देता येईल काय, यावर उच्च न्यायालयांत मतभेद होते. बहुतेकांचे उत्तर नकारार्थी होते.

३/ सप्टेंबर १९६९ मध्ये विधी आयोगाने ४१ व्या अहवालात ही तरतूद सुचवली. कारण उघडपणे राजकीय होते. वजनदार लोक प्रतिस्पर्ध्याची बदनामी व्हावी, त्याला काही दिवस तरी कोठडी घडावी म्हणून खोट्या खटल्यांत गुंतवतात आणि राजकीय चुरशीबरोबर ही प्रवृत्ती वाढते आहे, असे आयोगाचे निरीक्षण होते.

४/ १९७३ च्या नव्या संहितेत कलम ४३८ आले आणि १ एप्रिल १९७४ पासून लागू झाले. अधिकार फक्त सत्र न्यायालयाला व उच्च न्यायालयाला, तोही अजामीनपात्र गुन्ह्यांपुरता. या आदेशाने अटकेला मनाई होत नाही. अटक झालीच तर जामिनावर सोडावे, एवढाच त्याचा अर्थ.

५/ त्यानंतर पंधरा महिन्यांच्या आत, २५ जून १९७५ रोजी, आणीबाणी आली. उत्तर प्रदेशने १९७६ च्या कायदा क्रमांक १६ द्वारे आपल्या राज्यापुरते कलम ४३८ वगळले. मार्च १९७७ मध्ये आणीबाणी उठली. कलम मात्र परतले नाही.

६/ इतर राज्यांत जिल्ह्याच्या सत्र न्यायालयात मिळणाऱ्या दिलाशासाठी तिथल्या माणसाला अलाहाबाद किंवा लखनौ गाठावे लागे. तिथे राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करून अटकेला स्थगिती मागायची. ज्याला तो खर्च झेपत नसे, त्याच्यापुढे शरण जाण्यावाचून फारसा पर्याय नसे.

७/ देशाच्या इतर भागांत हे कलम बळकट होत होते. ९ एप्रिल १९८० रोजी गुरबक्षसिंग सिब्बिया खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाने घातलेली कडक बंधने दूर सारली. निकाल लिहिला पुण्यात जन्मलेले सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांनी.

८/ या निकालातले दोन मुद्दे आंदोलकांसाठी मोलाचे. एक, एफआयआर नोंदला जाण्यापूर्वीही अर्ज करता येतो. मात्र अटकेच्या भीतीला सबळ आधार हवा. दोन, ‘कोणत्याही गुन्ह्यात अटक झाली तरी सोडा’ असा सरसकट आदेश मिळत नाही.

९/ १९९४ मध्ये कर्तारसिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ‘टाडा’तील अटकपूर्व जामिनाची बंदी वैध ठरवली आणि उत्तर प्रदेशने कलम वगळणेही मान्य केले. अटकपूर्व जामीन हा अनुच्छेद २१ चा अविभाज्य भाग नाही, ही भूमिका. विधिमंडळाने दिलेले विधिमंडळ काढूनही घेऊ शकते, हाच त्याचा निष्कर्ष.

१०/ २००८ च्या दुरुस्तीने ‘यूएपीए’तही अशीच बंदी आली. एल्गार परिषद प्रकरणात लेखक आनंद तेलतुंबडे यांचा अर्ज सर्वोच्च न्यायालयाने १६ मार्च २०२० रोजी फेटाळला. १४ एप्रिलला, आंबेडकर जयंतीच्या दिवशी, ते शरण गेले.

११/ उत्तर प्रदेशात कलम ४३८ परतले ते जून २०१९ मध्ये, पण अपवादांसह. यूएपीए आणि राज्याचा गँगस्टर कायदा बाहेरच राहिले. सहाच महिन्यांनी नागरिकत्व दुरुस्ती कायद्याविरुद्ध तिथे आंदोलने पेटली. जानेवारी २०२० मध्ये सुशीला अग्रवाल खटल्यात घटनापीठाने सांगितले की अटकपूर्व जामिनाला सामान्यतः मुदतीची मर्यादा नसावी.

१२/ गुन्हा एका राज्यात, आरोपी दुसऱ्या राज्यात असेल तर? फेब्रुवारी २०२१ मध्ये शेतकरी आंदोलनाच्या ‘टूलकिट’ प्रकरणात गुन्हा दिल्लीचा होता. मुंबई उच्च न्यायालयाने महाराष्ट्रातील दोघांना दिल्लीच्या न्यायालयात जाता यावे, इतक्या मुदतीचे संरक्षण दिले. अशा मर्यादित संरक्षणाचा अधिकार सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२३ मध्ये मान्य केला.

१३/ १ जुलै २०२४ पासून हीच तरतूद भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम ४८२ म्हणून आहे. क्रमांक बदलला, प्रश्न तोच राहिला. नुसता बेकायदेशीर जमाव जामीनपात्र आहे. सरकारी नोकरावर कामात अडथळा आणण्यासाठी बळ वापरल्याचा आरोप अजामीनपात्र आहे; तिथे हे कलम उपयोगी पडते. यूएपीए लागला की दार बंद.

१४/ मोर्चा तोच, माणूस तोच. त्याला हा दिलासा मागता येईल की नाही, हे बव्हंशी एफआयआर लिहिणारी लेखणी ठरवते. राजकीय सूडापासून वाचवण्यासाठी आलेल्या तरतुदीची किल्ली आज बऱ्याच अंशी गुन्हा नोंदवणाऱ्याच्याच हाती आहे. म्हणून एफआयआर हाती आला की नावांइतकीच कलमेही नीट वाचावीत.