बागेत आहे ना, मग कुरणात कशाला हवं?

आजची गोष्ट इंग्लंडमधल्या एका फुलाची. नाव स्नेक्स हेड फ्रिटिलरी. बारीक देठ, त्यावर मान खाली घातलेली जांभळी घंटा आणि पाकळ्यांवर चक्क बुद्धिबळाच्या पटासारखे चौकोन!

गंमत बघा. १५९७ मध्ये जॉन जेरार्डने आपल्या वनस्पतींच्या ग्रंथात हे फूल नोंदवलं, पण बागेतलं म्हणून. इंग्लंडच्या रानात ते दिसल्याची पहिली नोंद थेट १७३६ ची. म्हणजे हे मूळचं तिथलंच, की बागेतून पळालेलं? हा वाद अजून मिटलेला नाही.

पण पळालेलं असलं तरी त्याला घर झकास मिळालं: नदीकाठची गवताची कुरणं. हिवाळ्यात पुराचं पाणी यायचं, गाळ टाकून जायचं. एप्रिलमध्ये फुलं यायची, मग बी पिकायचं. गवत कापायचं ते जुलैमध्ये, आणि त्यानंतरच गुरं आत सोडायची. हे वेळापत्रक माणसांनी आखलं होतं ते चाऱ्यासाठी. फुलाला ते आपोआप सोयीचं पडलं.

मग दुसरं महायुद्ध आलं. अन्नधान्य हवं होतं, म्हणून कुरणांतलं पाणी काढून ती नांगरली गेली. युद्धानंतरही ते थांबलं नाही. १९३० च्या दशकापासून १९८४ पर्यंत इंग्लंड आणि वेल्समधली सुमारे ९७ टक्के फुलांची कुरणं गेली. आज ब्रिटनमधल्या रानटी फ्रिटिलरींपैकी सुमारे ८० टक्के एकट्या नॉर्थ मेडोमध्ये आहेत. हे कुरण विल्टशरमधल्या क्रिकलेड गावाजवळ, थेम्स आणि चर्न या नद्यांच्या मध्ये आहे. का टिकलं? कारण ते गावाचं सामाईक कुरण. गुरं चारण्याचा हक्क १२ ऑगस्ट ते १२ फेब्रुवारी, हा जुना नियम तिथे मोडला नाही.

आता कुणी म्हणेल, कंद तर नर्सरीत मिळतात, मग टेन्शन कशाला? पण बाग हा फक्त फुलाचा बॅकअप आहे. पूर, गाळ, कापणी, गुरं आणि तो नियम पाळणारं गाव यांचा बॅकअप कुठल्याच कुंडीत मावत नाही.

तुमच्या गावाच्या गायरानाचं काय झालं, हे एकदा घरातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारा. भेटू पुढच्या भागात!